२०० मिलीचा कप: जपानी कुकिंग क्लासच्या ओट्यावरचा इतिहास

कोणी लोकलच्या दारात उभं राहून ऐकत असेल, कोणी ऑफिसच्या बसमध्ये, कोणी रात्रीची भांडी घासता घासता. भांडी घासणाऱ्यांनो, आजचा एपिसोड खास तुमच्यासाठी. आज जहाजं आहेत, एक युद्ध आहे, हजारो माणसांचे मृत्यू आहेत, पण हे सगळं फिरतं ते स्वयंपाकघराच्या ओट्याभोवती.

सुरुवात एका साध्या प्रश्नाने करू. जपानी घरात बहुतेक वेळा मापाचे दोन कप सापडतात. एक १८० मिलीचा, तो फक्त तांदळासाठी. दुसरा २०० मिलीचा, तो बाकी सगळ्यासाठी. अमेरिकन रेसिपीतला कप साधारण २४० मिलीचा, म्हणजे तो वेगळाच. मग जपानने हा २०० चा आकडा आणला कुठून? आणि एका ओट्यावर दोन कप कशाला?

हा प्रश्न मला पडला क्योतोमध्ये. सुट्ट्या जोडून मी आणि माझा कॉलेजचा मित्र जपानला गेलो होतो. त्यातला एक दिवस आम्ही कुकिंग क्लाससाठी ठेवला होता. नुसतं बघायचा नाही हां, स्वतः हात घालून करायचा क्लास. एक जुनं लाकडी घर, खाली स्वयंपाकघर, सहा विद्यार्थी आणि साठीच्या पुढच्या एक बाई. त्यांना सगळे सेन्सेई म्हणत होते, म्हणजे आपल्याकडे ‘बाई’ किंवा ‘मॅडम’ म्हणतो तसं. मेनू असा: भात, मिसो सूप, दाशिमाकी म्हणजे गुंडाळी केलेलं ऑम्लेट, तिळाच्या कुटात कालवलेला पालक, आणि भाज्यांचा तेंपुरा. वेळ तीन तास.

त्या तीन तासांत ओट्यावर जे जे समोर आलं, त्याच्या मागे एकेक गोष्ट आहे. आज त्या वस्तू एकेक करून उचलूया.

पहिली वस्तू: ॲप्रन

दारातून आत गेल्यावर सेन्सेईंनी पहिल्यांदा हातात दिला तो ॲप्रन. पण आपला नेहमीचा, गळ्यात अडकवून मागे गाठ मारायचा तसा नव्हे. पांढरा, पूर्ण बाह्यांचा, मनगटाला इलॅस्टिक असलेला, समोरून घालून पाठीमागे बांधायचा. याला कप्पोगी म्हणतात. जुन्या जपानी सिनेमांत आई म्हटली की ती याच पोशाखात दिसते. बघताक्षणी वाटावं, ही शेकडो वर्षांची परंपरा असणार.

तर नाही. कप्पोगी जन्माला आला १९०२ च्या सुमारास, आणि तोही एका कुकिंग क्लासमध्ये! तोक्योच्या निहोनबाशी भागात आकाबोरी मिनेकिची या आचाऱ्याने १८८२ मध्ये एक शाळा काढली होती, सामान्य घरातल्या स्त्रियांना स्वयंपाक शिकवणारी. मुली किमोनो घालून यायच्या. किमोनोच्या बाह्या ही लांब, लोंबणाऱ्या. एका बाजूला विस्तव, दुसऱ्या बाजूला सोया सॉस. कपडे खराब व्हायचे. म्हणून बाह्यांसकट सगळा किमोनो आत जाईल असा झगा शिवला गेला.

आता १८८२ साल महत्त्वाचं का? कारण त्याआधी स्वयंपाक शिकायचे दोनच रस्ते होते. घरात आई किंवा सासू यांच्याकडून, किंवा हॉटेलात उस्तादाच्या हाताखाली. उस्ताद काही समजावून सांगत नसे. पोरगा वर्षानुवर्षं भांडी घासणार, भाजी निवडणार, आणि डोळ्यांनी जे टिपता येईल ते टिपणार. ज्ञान सगळं हातात. कागदावर फार थोडं. आमच्या भाषेत सांगायचं तर कोड चालू आहे, पण डॉक्युमेंटेशन शून्य, आणि ज्याने लिहिलं तो माणूस नोकरी सोडून गेला की संपलं.

आकाबोरीच्या शाळेने काय केलं, तर फी भरून, वेळापत्रक लावून, वर्गात बसवून हे ज्ञान बाहेरच्या माणसासाठी उघडं केलं. म्हणजे मी क्योतोमध्ये ज्या प्रकारच्या क्लासला बसलो होतो, तो प्रकारच मुळात १४० वर्षांपूर्वीचा एक शोध आहे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

दुसरी वस्तू: तांदूळ

क्लासमधलं पहिलं काम म्हणजे तांदूळ धुणं. सेन्सेईंनी १८० मिलीच्या कपाने तांदूळ मोजला. हे माप म्हणजे ‘गो’. जुनं जपानी माप, आपल्या शेर-पायलीसारखं. एक गो म्हणजे साधारण १५० ग्रॅम तांदूळ. देश मेट्रिकवर गेला, पण भात मात्र अजून गो मध्येच शिजतो. राइस कुकरसोबत आजही १८० मिलीचाच कप येतो.

तांदूळ धुतल्यावर पहिलं पाणी दुधासारखं पांढरं झालं. ते ओतलं, परत पाणी घातलं, परत ओतलं. ‘स्वच्छ दिसेपर्यंत,’ सेन्सेई म्हणाल्या. आणि मंडळी, जपानच्या इतिहासातली एक भयंकर गोष्ट या पांढऱ्या तांदळापाशीच सुरू होते.

तांदळाला सडलं, घासलं, पॉलिश केलं की वरचा कोंडा आणि टोकाचा अंकुर निघून जातो. दाणा पांढराशुभ्र होतो, भात मऊ होतो, चव गोडसर लागते. एदो काळात, म्हणजे १६०३ ते १८६८, असा पांढरा तांदूळ ही श्रीमंतांची गोष्ट होती. मग हळूहळू एदो शहरात, म्हणजे आजच्या तोक्योत, साधी माणसंही तो खाऊ लागली. आणि शहरात एक विचित्र आजार दिसू लागला. पाय सुजायचे, बधिर व्हायचे, चालवेना, आणि शेवटी हृदय बंद पडायचं. गंमत म्हणजे, गावी परत गेलं की माणूस बरा व्हायचा! म्हणून लोक त्याला ‘एदोचा आजार’ म्हणू लागले. वैद्यकीय नाव काक्के, आपण ज्याला बेरीबेरी म्हणतो. १८६६ मध्ये शोगुन तोकुगावा इएमोची अवघ्या विसाव्या वर्षी गेला, तोही याच आजाराने असं मानलं जातं. देशाचा सर्वांत ताकदवान माणूस, आणि जीव गेला तो चांगल्या प्रतीच्या भातामुळे.

आज शाळेतलं पोरही सांगेल, हे जीवनसत्त्व ब-१ ची कमतरता. ते कोंड्यात आणि अंकुरात असतं. पण तेव्हा ‘जीवनसत्त्व’ हा शब्दच जगात नव्हता. गावाकडे लोक बार्ली, नाचणीसारखी भरड धान्यं खायचे म्हणून वाचायचे, हे कोणाच्या डोक्यात येणार?

दोन जहाजं, एकच रस्ता

आता कथा समुद्रावर जाते. १८८२ मध्ये, म्हणजे योगायोगाने आकाबोरीची शाळा सुरू झाली त्याच वर्षी, जपानी नौदलाचं ‘र्युजो’ नावाचं जहाज प्रशिक्षणाच्या सफरीवर निघालं. न्यूझीलंड, दक्षिण अमेरिका, हवाई असा लांबचा प्रवास. जहाजावर ३७६ माणसं. त्यातल्या १६९ जणांना बेरीबेरी झाला आणि २५ जण दगावले. लढाई नाही, वादळ नाही. नुसतं जेवण.

नौदलात ताकाकी कानेहिरो नावाचा डॉक्टर होता. लंडनच्या सेंट थॉमस हॉस्पिटलमध्ये शिकून आलेला. त्याने निरीक्षण केलं, की ब्रिटिश खलाशांना हा आजार होत नाही. शिवाय आपल्या जहाजावरही अधिकाऱ्यांना कमी होतो आणि खालच्या खलाशांना जास्त. फरक कुठे? ताटात. खलाशी बिचारे भातावर भात खात होते आणि कालवणाचे पैसे वाचवून घरी पाठवत होते.

मग ताकाकीने जे केलं ते मला इंजिनिअर म्हणून प्रचंड आवडतं. १८८४ मध्ये ‘त्सुकुबा’ नावाचं दुसरं जहाज त्याने जवळजवळ त्याच मार्गाने पाठवायला लावलं. रस्ता तोच, मुदत तशीच, फक्त जेवण बदललं. मांस, भाज्या, ब्रेड, घेवड्याच्या जातीची कडधान्यं. म्हणजे सरळसरळ ए-बी टेस्टिंग! त्सुकुबावर थोड्याच जणांना बेरीबेरी झाला, आणि त्या आजाराने मृत्यू एकही नाही.

यातला मजेशीर भाग पुढे आहे. ताकाकीची थिअरी चूक होती. त्याला वाटत होतं, प्रोटीन कमी पडतंय. खरं कारण ब-१. पण उपाय बरोबर निघाला. नौदलाने पांढऱ्या तांदळात बार्ली मिसळायला सुरुवात केली आणि काही वर्षांत तिथून बेरीबेरी जवळपास हद्दपार झाला. याच बदललेल्या स्वयंपाकघरात नौदलाने ब्रिटिशांकडून एक पदार्थ उचलला: मांस, बटाटा, गाजर, मसाला पावडर आणि घट्टपणासाठी गव्हाचं पीठ. भातावर ओतायचं आणि खायचं. जपानी करी. १९०८ च्या नौदलाच्या पाककृती पुस्तकात तिची कृती आहे, आणि योकोसुका हे नौदलाचं शहर आजही त्या करीचा अभिमान मिरवतं.

आता नाण्याची दुसरी बाजू. नौदल शहाणं झालं, लष्कराचं काय? लष्करातले डॉक्टर जर्मनीत शिकलेले. जर्मनीत तेव्हा जंतूंच्या शोधांचा जमाना. त्यांचं म्हणणं, बेरीबेरीचा जंतू असणार, तो शोधा. त्यांच्यात मोरी रिंतारो हा मोठा अधिकारी होता, जो मोरी ओगाई या नावाने जपानचा थोर लेखक म्हणून ओळखला जातो. ताकाकीकडे आकडे होते, पण ‘का’ याचं पटणारं उत्तर नव्हतं. लष्कराकडे थिअरी भारी होती, पण आकडे विरुद्ध होते.

शिवाय भावनेचाही मुद्दा होता. सैन्यात येणारी पोरं गरीब शेतकऱ्यांची. घरी बार्ली आणि भरड धान्य खाऊन वाढलेली. त्यांना लष्कराने काय देऊ केलं होतं? रोज ६ गो पांढरा तांदूळ! म्हणजे राइस कुकरचे सहा कप, जवळपास ९०० ग्रॅम. मरायला निघालेल्या पोराच्या ताटात परत बार्ली कोण वाढणार?

१९०४-०५ च्या रशिया-जपान युद्धात लष्करातल्या अडीच लाखांच्या आसपास सैनिकांना बेरीबेरी झाला आणि सुमारे २७ हजार जण त्याने मेले. आपण म्हणतो, जपानने रशियाला हरवलं. हो, हरवलं. पण ही २७ हजार पोरं रशियाच्या गोळीने नाही गेली.

१९१० मध्ये सुझुकी उमेतारो या शास्त्रज्ञाने तांदळाच्या कोंड्यातून तो उपयोगी घटक वेगळा केला. जगात ‘व्हिटॅमिन’ हा शब्द आला त्यानंतर दोन वर्षांनी, १९१२ मध्ये. म्हणजे तांदूळ धुताना आपण जे पांढरं पाणी मोरीत ओततो, त्या कोंड्याच्या भुकटीत उत्तर होतं.

तिसरी वस्तू: २०० मिलीचा कप

आता आलो आपण मूळ प्रश्नावर.

कागावा आया. जन्म १८९९. वैद्यकीय शिक्षण घेतलेली तरुणी. डॉक्टर झाल्यावर ती तोक्योच्या इम्पीरियल युनिव्हर्सिटीत बेरीबेरीवर संशोधन करणाऱ्या विभागात आली. तोवर कारण कळलेलं होतं. उपायही माहीत होता: अंकुर शिल्लक ठेवलेला तांदूळ खा, भाज्या खा. मग अडचण काय होती? अडचण ही, की पेशंटला सांगून उपयोग नव्हता. पेशंट घरी जाऊन जे शिजतं तेच खाणार. ज्या बाईच्या हातात पळी आहे, तिच्यापर्यंत पोहोचल्याशिवाय औषधाला अर्थ नाही.

आणि तिच्यापर्यंत पोहोचायचं कसं? ‘चवीपुरतं’, ‘अंदाजाने’, ‘थोडंसं’ असं सांगून? पोषण तर ग्रॅममध्ये मोजतात.

म्हणून आया आचाऱ्यांकडे गेली. ते काम करत असताना त्यांचं मीठ, साखर, सोया सॉस ती मोजू लागली. किती घातलं, किती वेळ शिजवलं, सगळं लिहून काढलं. ज्या हातांनी आयुष्यात कधी मोजलं नव्हतं, त्या हातांची तिने नोंद केली. १९३३ मध्ये नवऱ्यासोबत तिने घरीच पोषण आणि स्वयंपाकाचा अभ्यासवर्ग सुरू केला. १९३५ मध्ये ‘एइयो तो र्योरी’, म्हणजे ‘पोषण आणि स्वयंपाक’ नावाचं मासिक काढलं. त्यात कृतीचं कार्ड असायचं: साहित्य, प्रमाण, क्रम. त्या वर्गाचं पुढे विद्यापीठ झालं, आजही ते आहे.

मग युद्ध झालं, देश उद्ध्वस्त झाला, अन्नाची टंचाई आली. आणि १९४८ मध्ये आयाने मापाचा संच पक्का केला: २०० मिलीचा कप, १५ मिलीचा मोठा चमचा, ५ मिलीचा छोटा चमचा. हे आकडे मेट्रिकमध्ये नीट बसणारे. पाच कप म्हणजे एक लिटर, झालं! डोक्यात हिशेब करता येतो. तांदळाचा गो कोणी सोडायला तयार नव्हतं, म्हणून तो १८० चा कप बाजूला राहिला. एका ओट्यावर दोन कप आहेत त्याचं उत्तर हे. एक कप सवयीचा, दुसरा आयाचा.

१९५७ मध्ये एनएचके या सार्वजनिक वाहिनीवर ‘क्यो नो र्योरी’, म्हणजे ‘आजचा स्वयंपाक’, हा कार्यक्रम सुरू झाला. घराघरांत कृती पोहोचली, आणि ती मोजून मापून सांगितलेली. सुरुवातीला तिथली कृती पाच माणसांसाठी असायची. पुढे १९६५ मध्ये चार माणसांची झाली, आणि २००९ पासून दोन. जपानी कुटुंब कसं लहान होत गेलं हे समजायला जनगणनेचं पुस्तक उघडायची गरज नाही, रेसिपीची पहिली ओळ बघा.

चौथी वस्तू: दाशी

आता क्लासमध्ये परत येऊ, कारण इथे खरा पेच होता. माझा मित्र शाकाहारी. अंडंसुद्धा नाही. आणि जपानी स्वयंपाकाचा पाया आहे दाशी, म्हणजे एक पातळ, स्वच्छ रस्सा. मिसो सूपमध्ये तोच, ऑम्लेटमध्ये तोच, तेंपुऱ्यासोबतच्या बुडवायच्या सॉसमध्येही तोच. तो बनतो दोन गोष्टींपासून: कोंबू हे समुद्री शेवाळ, आणि कात्सुओबुशी, म्हणजे धुरी देऊन लाकडासारखा कडक वाळवलेला मासा. म्हणजे सूपमध्ये मासा दिसत नसला तरी असतो. जपानला जाणाऱ्या शाकाहारी मंडळींनी हे वाक्य मोबाइलमध्ये लिहून ठेवा.

आम्ही बुकिंग करतानाच सांगितलं होतं. सेन्सेईंनी त्याच्यासाठी वेगळं पातेलं ठेवलं होतं. एक लिटर पाणी, साधारण १० ग्रॅम कोंबू आणि काही वाळवलेले शिइताके मशरूम, रात्रभर भिजवलेले. पाणी मंद आचेवर गरम करायचं आणि उकळी यायच्या आत कोंबू काढून घ्यायचा, नाहीतर चिकटपणा येतो आणि वास बिघडतो. मित्र म्हणाला, ‘माझ्यासाठी तडजोड केलीत, सॉरी.’ त्यावर सेन्सेई हसल्या. तडजोड कसली, म्हणाल्या, ही तर देवळातली पद्धत आहे.

आणि खरंच आहे. झेन मठांमध्ये ‘शोजिन र्योरी’ नावाचा शाकाहारी स्वयंपाक चालतो. दोगेन या झेन गुरूने १२३७ मध्ये मठातल्या आचाऱ्यासाठी ‘तेन्झो क्योकुन’ हा ग्रंथ लिहिला. तांदूळ कसा धुवावा, भांडी कशी ठेवावीत, असल्या गोष्टी त्यात आहेत. त्यातला एक किस्सा आहे. तरुण दोगेन चीनला गेला असताना बंदरात एक म्हातारा भिक्षू सामान घ्यायला जहाजावर आला. मठाचा आचारी तो. दोगेनने विचारलं, या वयात ध्यान आणि ग्रंथ सोडून स्वयंपाकाचं काम कशाला? म्हातारा हसला आणि म्हणाला, तुला साधना म्हणजे काय हे अजून कळलेलं नाही. दोगेन हे विसरला नाही. म्हणजे जपानच्या ‘अस्सल’ जेवणात शाकाहाराची जागा आठशे वर्षांची आहे.

कोंबूचीही गंमत ऐका. कोंबू उगवतो उत्तरेला होक्काइदोच्या थंड पाण्यात. क्योतो तिथून शेकडो मैल दूर, डोंगरांच्या मधे. तरी क्योतोचा स्वयंपाक कोंबूवर उभा आहे, कारण किताामाएबुने नावाची व्यापारी जहाजं पश्चिम किनाऱ्याने कोंबू खाली आणत. माल नुसता वाहून न्यायचा नाही, तर प्रत्येक बंदरात विकायचा आणि घ्यायचा, असा त्यांचा धंदा. ओकिनावा बेटांवर तर कोंबू उगवतच नाही, तरी तिथल्या पारंपरिक जेवणात तो भरपूर. व्यापाराची वाट जिथून गेली, तिथे चव रुजली.

आणि याच दाशीच्या वाटीतून १९०८ मध्ये इकेदा किकुनाए या तोक्योच्या रसायनशास्त्राच्या प्राध्यापकाने एक शोध लावला. गोड, आंबट, खारट, कडू यांच्यापलीकडची ही चव कुठली? त्याने कोंबूतून ग्लुटामिक ॲसिडचा क्षार वेगळा केला आणि त्या चवीला नाव दिलं ‘उमामी’. पुढच्याच वर्षी ती पावडर बाजारात आली. नाव? अजिनोमोटो! हो, आपल्या नाक्यावरच्या चायनीजच्या गाडीवर डब्यातून भुरभुरतात तीच. नाव चायनीजच्या गाडीशी जोडलं गेलं, पण मूळ घर क्योतोच्या सूपच्या वाटीजवळचं.

पाचवी वस्तू: तेंपुरा, आणि गोव्याहून निघालेलं जहाज

शेवटी तळण. पीठ गार पाण्यात अगदी जुजबी ढवळायचं, गुठळ्या राहिल्या तरी चालतील, कारण जास्त ढवळलं की चिवट होतं. वांगं, लाल भोपळा, शिइताके. आम्ही दोघं एकमेकांकडे बघून हसलो, कारण भजी तर आपला हातखंडा विषय.

पण हा पदार्थ जपानी कसा झाला? १५४३ मध्ये पोर्तुगीज जपानच्या तानेगाशिमा बेटावर पोहोचले. आणि पोर्तुगीजांचं पूर्वेकडचं मुख्यालय कुठे होतं? गोव्यात! आंजिरो नावाचा एक जपानी माणूस गोव्यात येऊन पोहोचला होता, तिथे १५४८ मध्ये त्याचा बाप्तिस्मा झाला. पुढच्या वर्षी फ्रान्सिस झेवियर त्यालाच दुभाषा म्हणून सोबत घेऊन निघाला आणि १५ ऑगस्ट १५४९ ला कागोशिमाला उतरला. ज्या झेवियरचं शव आज ओल्ड गोव्याच्या बासिलिकात आहे, तोच हा. या पोर्तुगीज संपर्कातून पिठात बुडवून तळायची पद्धत जपानमध्ये आली असं मानतात, आणि ‘तेंपुरा’ हा शब्दही पोर्तुगीजवरून आला असं बरेच अभ्यासक म्हणतात. १६३९ मध्ये जपानने पोर्तुगीजांना हाकलून लावलं. माणसं गेली, तळण राहिलं. पुढे एदोच्या रस्त्यांवरच्या गाड्यांवर ते लोकांच्या आवडीचं खाणं बनलं.

मग अस्सल म्हणजे काय?

डिसेंबर २०१३ मध्ये युनेस्कोने ‘वाशोकु’, म्हणजे जपानची पारंपरिक खाद्यसंस्कृती, अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतली. चांगलंच झालं. पण ‘वाशोकु’ हा शब्द रुळला तोच मुळी मेइजी काळात पाश्चात्त्य जेवण आल्यानंतर. ‘त्यांचं’ ताटात आलं, तेव्हा ‘आपलं’ याला नाव द्यावं लागलं.

इथे एका भारतीय माणसाची आठवण काढायलाच हवी. रासबिहारी बोस. १९१२ मध्ये दिल्लीत व्हाइसरॉय हार्डिंगवर बॉम्ब टाकण्याच्या कटातले क्रांतिकारक. ब्रिटिश मागे लागले, १९१५ मध्ये ते जपानला निसटले. तोक्योच्या शिंजुकु भागात नाकामुराया नावाची बेकरी होती. तिच्या मालकांनी, सोमा दांपत्याने, त्यांना लपवून ठेवलं. पुढे त्यांची मुलगी तोशिको हिच्याशी बोस यांचं लग्न झालं. १९२५ मध्ये ती गेली. १९२७ मध्ये नाकामुरायाने जेवणघर सुरू केलं आणि तिथे बोस यांच्यामुळे भारतीय करी मिळू लागली. पिठाने घट्ट केलेली ब्रिटिश वळणाची नव्हे, तर हाडासकट कोंबडीची, मसाल्याची. ज्या साम्राज्याशी ते लढत होते, त्याच साम्राज्याच्या डब्यातली पावडर जपानमध्ये ‘इंडियन’ म्हणून खपत होती. त्यांनी उत्तर दिलं ते ताटात. नाकामुराया आजही शिंजुकुमध्ये आहे आणि ती करीही.

म्हणजे बघा, एकाच देशात दोन करी. नौदलाची आणि बोसांची. एक आजारातून आली, एक अज्ञातवासातून. यातली अस्सल कुठली? माझ्या मते दोन्ही. अस्सल म्हणजे ‘कधीच न बदललेलं’ असं नाही. कोणीतरी जिवाच्या आकांताने दुसऱ्याला शिकवलं आणि दुसऱ्याने मनापासून शिकून घेतलं, ते अस्सल.

आणि म्हणूनच मला कागावा आया मोठी वाटते. आपल्याकडे ‘हाताची चव’ म्हणून आपण मोजमापाला थोडं हसतो. हाताची चव असतेच, नाही कोण म्हणतं? पण ती चव त्या हाताबरोबर जाते. मोजलेली कृती मात्र सुनेला मिळते, होस्टेलवरच्या पोराला मिळते, आई लवकर गेलेल्या मुलीला मिळते, आणि सात समुद्रांपलीकडून आलेल्या दोन मराठी पोरांनाही मिळते. ताकाकीच्या काळात हे ज्ञान जहाजापुरतं राहिलं, लष्करापर्यंत पोहोचलंच नाही, त्याची किंमत २७ हजार जिवांनी मोजली. ज्ञान असणं वेगळं आणि ते शेवटच्या चुलीपर्यंत पोहोचणं वेगळं.

जाता जाता तीन टिप्स. जपानला जाल तेव्हा असा क्लास जरूर करा, पण एक, शाकाहारी असाल तर बुकिंग करतानाच ‘दाशीतही मासा नको, कोंबू-शिइताके चालेल’ असं स्पष्ट सांगा. दोन, तुम्हाला कृती कोणी शिकवली, हे शिकवणाऱ्या बाईंना विचारा. मेनूपेक्षा तिथे जास्त इतिहास सापडतो. आणि तीन, यातलं काहीही करायला विमानाचं तिकीट लागत नाही. या रविवारी घरातल्या ज्या माणसाच्या हाताला चव आहे, त्याच्या शेजारी वजनकाटा घेऊन उभे राहा. ते चिडतील, ‘मोजतोस काय मेल्या!’ म्हणतील. तरी लिहून घ्या.

काय लिहून घेतलंत ते मला नक्की पाठवा. भेटू पुढच्या एपिसोडमध्ये. तोपर्यंत ऐकत राहा, आणि पोटभर जेवा!